चार बोटांची फट

वस्तीत त्यांना दोरीवाले चाचा म्हणत. धंदा गालिचे बसवण्याचा. खिशात एक वेळ रुमाल नसेल, पण खडू लावलेली दोरी असायचीच. सरळपणाचं तर त्यांना वेडच होतं. लग्नाला गेले तरी खुर्च्यांची रांग नीट लावून मगच बसत, आणि चाची कपाळाला हात लावी.

बावीस वर्षांपूर्वी लोखंडी सळ्यांच्या दुकानावरचा हॉल भाड्याने घेऊन वस्तीने मशीद सुरू केली, तेव्हा किब्ल्याची, म्हणजे नमाजात तोंड करायची मक्केकडची दिशा चाचांनीच होकायंत्राने काढून दिली होती. ती दिशा भिंतीशी काटकोनात येत नव्हती, म्हणून नमाजाच्या ओळी हॉलमध्ये तिरक्या पडल्या. प्रत्येक ओळीच्या टोकाला गालिचाही तिरका कापावा लागे. त्यासाठी चाचांनी प्लायवूडचा एक त्रिकोणी साचा करून ठेवला होता आणि तो ते जिवापाड जपत.

पुढे हॉल पुरेना. जुम्म्याला, म्हणजे शुक्रवारच्या नमाजाला, माणसं जिन्यावर, चपलांच्या ढिगाला खेटून उभी राहू लागली. शेवटी त्याच रस्त्यावर, तीन घरं सोडून, वस्तीने स्वतःची मोठी मशीद बांधली. पहिला जुम्मा तीन दिवसांवर आला तेव्हा चाचा साचा काखेत मारून नव्या जागी गेले. मोजणीदाराने पहिल्या ओळीची खूण फरशीवर मारून ठेवली होती. रस्ता एकच, दोन्ही इमारतींच्या भिंती समांतर, म्हणजे जुना साचा चपखल बसायला हवा. चाचांनी तो खुणेला लावला. हातभर साच्याच्या टोकाला चार बोटांची फट राहिली.

"मोजणीदाराने घोळ घातलाय," चाचा म्हणाले आणि होकायंत्र घेऊन तरातरा गच्चीवर गेले. उघड्या आभाळाखाली काट्याने मोजणीदाराचीच दिशा दाखवली. तीनदा बघितलं, तीनदा तेच. मग ते जुन्या हॉलमध्ये गेले. तिथे होकायंत्र जमिनीवर ठेवताच काटा नेमका त्या फटीएवढ्या कोनात सरकला. चाचांच्या पायांखाली, एका स्लॅबच्या अंतरावर, दुकानातल्या सळ्यांचे ढीग रचलेले होते. लोखंडाने काटा ओढला होता. पुढच्या काळात ज्याने ज्याने हौसेने फोन काढून दिशा पाहिली, त्याचा फोनही इथे असाच फसला असणार.

चाचांच्या तोंडचं पाणी पळालं. बावीस वर्षं, दिवसातून पाच वेळा, अख्खी वस्ती त्यांच्या दोरीवर विश्वास टाकून उभी राहिली होती. त्यातले कितीतरी आता कबरीत होते. त्यांना कुठून परत बोलावणार? आणि त्यांत चाचांचे अब्बाही होते.

घरी आल्यावर चाचांनी चहाचा कप उचलला, प्यायला, ठेवला.

"साखर घातलीच नव्हती मी," चाची म्हणाली. "तरी गटागटा प्यायलात. काय झालंय?"

चाचांनी सांगून टाकलं. चाचीने रिकामा कप उचलला. मग म्हणाली, "आधी इमामसाहेबांकडे जा. स्वतःच मुलजिम आणि स्वतःच काझी होऊ नका."

इमामसाहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं. "मनापासून दिशा शोधली होती ना? मग नमाज झाली. इतक्याशा फरकाने काही बिघडत नाही. कुणाची एकही नमाज वाया गेलेली नाही, चाचा."

"लोकांना सांगावं लागेल?"

"सांगायलाच हवं असं नाही. ते तुमच्या मनावर."

हे ऐकून चाचांना हलकं वाटायला हवं होतं. उलट ओझं वाढलंच. गप्प बसायची मोकळीक मिळाली होती, आणि गप्प बसलं तर दोरीवाले चाचा हे नाव शाबूत राहणार होतं. सांगितलं तर नव्या मशिदीत कोण त्यांना दोरी धरू देणार?

गुरुवारी सकाळी ते जुन्या हॉलमधला गालिचा उचलायला गेले. मागच्या ओळीच्या टोकाला अब्बांची लाकडी खुर्ची अजून होती. अब्बा उमेदीत मासेमारीच्या बोटीवर होते. पाण्यावर दिशा सूर्यावरून धरायची, एवढंच त्यांना ठाऊक. शेवटची दोन वर्षं गुडघ्यांमुळे ते खुर्चीवर बसून नमाज पढत आणि खिडकीतल्या उन्हाकडे बघत खुर्ची जराशी फिरवून घेत. चाचा ती पुन्हा ओळीत लावत. एकदा तर सगळ्यांसमोर म्हणाले होते, "अब्बा, ओळ बिघडवू नका हो! तुम्हाला आता काही समजत नाही." अब्बांनी खुर्ची सरळ करू दिली होती. नंतर ते कधी त्या विषयावर बोललेच नाहीत.

चाचांनी खुर्ची उचलली. खाली गालिच्यात पायांचे चार खोल खळगे उमटले होते. ते ओळीला धरून नव्हते. म्हणजे चाचा खुर्ची सरळ करून पुढच्या ओळीत गेले की अब्बा ती हळूच फिरवून घेत असत. रोज. चाचांनी खळग्यांच्या कडेने दोरी ताणली, साचा लावला. टोकाला फट पडली. बोटं घालून बघितली. चार.

ते तिथेच मटकन खाली बसले आणि हमसाहमशी रडले.

शुक्रवारी नवी मशीद माणसांनी फुलून गेली होती. नमाज संपल्यावर चाचा उठले. होकायंत्र, सळ्या, साचा, सगळं त्यांनी सांगितलं. इमामसाहेबांनी नमाज झाल्याचा निर्वाळा दिलाय, हेही सांगितलं. कुजबुज सुरू झाली. मागून कुणीतरी विचारलं, "म्हणजे बावीस वर्षं एकही माणूस बरोबर उभा नव्हता?"

"एक होता," चाचा म्हणाले. मागच्या ओळीच्या टोकाला सकाळीच आणून ठेवलेल्या अब्बांच्या रिकाम्या खुर्चीकडे त्यांनी बोट दाखवलं. "आणि मी रोज त्याची खुर्ची सरळ करत होतो."