भोंग्यावरचं नाव

दादाच्या आवाजाचं कौतुक साऱ्या नागपूरनं केलं. मी सख्खी बहीण, मला ते कधी जमलं नाही.

दादा हॉकीत सेंटर-हाफ होता. गुडघा मोडून खेळ सुटला, तेव्हा क्लबवाल्यांनी त्याला भोंग्यावर बसवलं. मैदानात काय चाललंय ते तो सांगायचा, बहुतेक हिंदीत, रंगात आला की मराठीत. मैदान आमच्या मोहल्ल्याला लागूनच, त्यामुळे बायका घरबसल्या ऐकायच्या. त्यांना गोलाशी काय करायचं होतं? आपल्या पोराचं नाव ऐकू आलं की तो धडधाकट आहे, एवढंच त्यांना पुरे. कुणाला लागलं तर दादा तसं सांगत नसे, फक्त त्याचं नाव घेणं थांबवे. नाव बराच वेळ आलं नाही की ती आई हातातलं काम टाकून मैदानाकडे धावे.

इंग्रज जायच्या थोडं आधीची गोष्ट. त्या रविवारी दादाला ऐकायला दिल्लीहून रेडिओचे साहेब आले होते. त्यांना पसंत पडलं तर नोकरी पक्की. आणि मैदानात आमचा धाकटा भाऊ खेळत होता.

माय पाटवड्या थापत होती, कान बाहेर. धाकट्याचं नाव सारखं येत होतं. "गेंद लेकर निकल गया, क्या दौड़ा है!" माय हसली.

"आज लय जोरात खेळून राहिला वं. रस्स्यात भिवापुरी मिरची टाक अजून, त्याले तिखट लागते."

रस्सा उकळत होता तेव्हा चौघांनी त्याला उचलून अंगणात आणलं. मध्यांतराआधीच चेंडू कानशिलावर बसला होता. मैदानाकडेच्या कडुनिंबाखाली निजवलेला, थोडी शुद्ध होती, मायला हाका मारत होता. ज्या पोराच्या मांडीवर त्याचं डोकं होतं त्यानंच हे सांगितलं. सामना संपायच्या आत धाकटा गेला, आणि दादा भोंग्यावर त्याला शेवटपर्यंत पळवत राहिला.

"काहून गा?" मायनं दादाला विचारलं.

"तू घाबरशील म्हणून, माय. वाटलं, उठंल तो."

"हाकेवर होती गा मी. आली असती."

महिनाभरात दादाला नोकरीचं बोलावणं आलं. तो साहेबासाठी बोलत राहिला की मायसाठी, हे मी विचारलं नाही. त्याला स्वतःला तरी ठाऊक असेल असं वाटत नाही. माझा राग अजून गेलेला नाही.

पुढे शेजारणीकडे रेडिओ आला. दादाचा सामना लागला म्हणून तिनं मायला कौतुकानं बोलावून नेलं. दादा कुणाचं तरी नाव घेऊन ओरडत होता, तो पोरगा चेंडू घेऊन सुसाट निघाला होता. माय उठली.

"बसा ना जी, तुमचाच पोरगा बोलून राहिला," शेजारीण म्हणाली.

"म्हणूनच म्हणतो बाई," माय म्हणाली, "ज्याचं नाव घेऊन राहिला, त्याच्या मायले पयले मैदानात धाडा."