सुनोची वाटी

महाडच्या एका बाईंनी मला हात लावून नापसंत केलं होतं. नाकडोळ्यांवरून केलं असतं तर मी देवाच्या नावाने बोटं मोडून मोकळी झाले असते. पण या बाईंनी ओटी भरताना माझा तळवा चाचपला आणि शेजारणीला म्हणाल्या, "मुलगी चांगली आहे हो, पण हात अगदी कानशीसारखे आहेत." कानस म्हणजे लोहार विळ्याला धार काढताना घासतो ती. बाई शिकल्यासवरल्या घरातल्या, त्यामुळे अपमानसुद्धा त्यांनी शुद्ध मराठीत केला.

आता वरंधच्या वाटेवर शेतकऱ्याच्या घरात जन्मलेल्या पोरीचे हात कसे असणार? लावणी, कापणी, झोडणी, शेण, भाकऱ्या. त्यातून मार्गशीर्षात घाटावरून वारा खाली उतरला की हातपाय, ओठ, सगळं फुटायचं. महाडच्या बाईंच्या ताटातला भात याच कानशीतून गेलेला होता, पण भाताला नापसंत केल्याचं काही ऐकिवात नव्हतं.

मग मामाने मुंबईचं स्थळ आणलं. मामा मुंबईला गिरणीत होता. माणसं मूळची आपल्या शेजारच्या पोलादपूर तालुक्यातली, उमरठच्या अंगाची. बाप गोदीत, मुलगा कुठल्याशा कचेरीत कारकून. मुलगा कसा आहे हे मी विचारलं नाही. मी विचारलं, नळ घरात आहे की बाहेर. मामा म्हणाला, घरात. पीठही चक्कीवरून दळून मिळतं म्हणाला. त्या क्षणी मी त्या मुलावर जीव टाकला. हे स्थळ गेलं तर पुढचं येणार होतं ते डोंगरावरच्या वाडीतलं, हे मला ठाऊक होतं. तिथे विहीर घरापासून इतकी लांब, की पाणी आणायला गेलेली सून परत येईपर्यंत सासू दोन वेळा रागवून थंड व्हायची.

"पन एक हाय," मामा म्हणाला. "मुलाची आय हात बघनार. तिकडं बाया स्नो लावतात, त्यांचे हात कसे, लोन्यासारखे."

"काय लावतात?" आत्याने विचारलं.

"स्नो. डबीत असतो. पांढरा. स्नो म्हंजे बर्फ."

आमच्या भागात जोडाक्षर जिभेला पेलत नाही. प्लेगचा पिलेग होतो, स्टेशनचं ठेसन होतं. तसा संध्याकाळपर्यंत घरात स्नोचा सुनो झाला आणि सगळ्यांनी त्याला नीट ओळखलं. वडिलांनी मात्र महाडहून डबी आणायला साफ नकार दिला. "थंडीनं पोरगी फुटलीय, आनि वर तिला बर्फ फासतोस?" या युक्तिवादापुढे मामाने हात टेकले.

आणि मग माझी आत्या पुढे झाली. आत्या म्हणजे वडिलांची थोरली बहीण, लग्नानंतर थोड्याच वर्षांत माहेरी परत आलेली, आणि तेव्हापासून आमच्या घरची सरकार. तिचा एक कायदा होता: जे तोंडात घालता येत नाय, ते अंगाला लावायचा नाय. साबण तिला याच कारणाने मान्य नव्हता. तिने म्हणे एकदा चाटून बघितला होता.

"सुनो मी घरीच करते," ती म्हणाली. "आपल्याकडं काय कमी हाय?"

पहिला सुनो दुधाची साय आणि मधाचा झाला. चवीला इतका उत्तम, की मी हातांना लावून दुपारी ओटीवर लवंडले तर मुंग्यांची एक रांग खांबावरून उतरून सरळ माझ्या कोपरापर्यंत आली. आत्याला त्याचं वाईट वाटलं नाही. "मुंगीला कळतो माल," ती म्हणाली.

दुसरा सुनो मुठेलाचा. रातांब्याच्या, म्हणजे कोकमाच्या, बिया वाळवायच्या, फोडून आतला गर कुटायचा, पाण्यात उकळायचा. वर तेल तरंगतं, ते थिजलं की काढून मुठीत वळायचं, म्हणून मुठेल. खडूसारखे कडक गोळे. टाचेच्या भेगेवर त्याच्यासारखं औषध नाही, आणि गरम भातावर घातलं तर तुपाची आठवण होत नाही. घोटाळा तिथेच होता. आत्याच्या कायद्यात एक खोट होती: खाण्याजोगी वस्तू घरात झाली की ती अंगाला लावायला उरत नाही. काकाने माझा सुनो भातावर घेतला. वडिलांनी उरलेला बैलाच्या खांद्याला लावला, जू घासून तिथे सोललं होतं. बैलाचा खांदा खूप छान झाला. मुंबईहून बैल बघायला कोणी येत असतं तर प्रश्न मिटला होता.

तिसऱ्या वेळी आत्याने पदर खोचला. मुठेल आणि खोबरेल एकत्र वितळवलं, थिजू दिलं, आणि तांब्याच्या परातीत थंड पाणी घालून तळहाताने घोटायला बसली. पाणी ओतायचं, नवं घालायचं, पुन्हा घोटायचं. तूप असं धुवून भाजल्यावर लावतात हे तिला ठाऊक होतं, तीच युक्ती तिने इथे लावली. हळूहळू तो पदार्थ पांढरा, हलका, मऊ होत गेला. शेवटी वासासाठी वेलची. चाटून बघितलं, मान डोलावली आणि डबा शिंक्याच्या सगळ्यात वरच्या मडक्यात ठेवला, काकाचा हात पोचणार नाही असा.

त्या दिवसापासून मला कामाला हात लावायची बंदी झाली. मी दोन्ही हात मांडीवर उताणे ठेवून ओटीवर बसायची, जणू कोणी त्यात काही टाकणार आहे. माझी वहिनी माझ्या वाटच्या भाकऱ्या थापत आतून विचारायची, "राणीसरकार, माशी बसली तर हाकलायला येऊ काय?" हात मऊ झाले असं मी म्हणणार नाही. कानशीला तेल लावलं की ती तेलकट कानस होते.

पाहुणे आले ते भर दुपारी, महाडहून बैलगाडीने. मुलाचे वडील किडकिडीत, हसतमुख. मुलगा मान खाली घालून आला तो तसाच बसला. मला त्याचा फक्त भांग दिसला, सरळ होता. आणि त्याची आई. नायलॉनचं पातळ, चपलेत मोजे. बायकांनी मोजे घालायचे असतात हे आमच्या गावाला त्या दिवशी कळलं. शेजारच्या दोघीजणी तेवढ्यासाठी दोनदा पाणी मागायला येऊन गेल्या.

बाईंच्या चाळीत वरखाली सगळे उत्तरेकडचे लोक असावेत, कारण त्या नवऱ्याला तिकडच्या बायकांसारखी हाक मारत. आमच्याकडे बायका नवऱ्याला 'अहो'सुद्धा भिंतीकडे बघून म्हणायच्या. या मात्र माजघरातून ठणठणीत आवाजात, "सुनो, इधर हवा नाही लागत काय?"

आत्याने चुलीपाशी कान टवकारले.

"सुनो, पानी उकळलेलं आहे काय विचारा."

आत्याने माझ्याकडे बघितलं. मी मुंबईबद्दल विचार करत होते, माझं लक्ष नव्हतं.

पानं मांडली. मान पाहुण्यांचा म्हणून बाईंनाही पुरुषांच्याच पंगतीला बसवलं. तांदळाच्या भाकऱ्या, वालाचं बिरडं, भात. मी वाढत होते, आणि बाईंची नजर माझ्या हातांवर होती. तिसरी भाकरी वाढताना त्या नवऱ्याकडे वाकून म्हणाल्या, "सुनो. सुनो तो."

आत्या हळहळली. "बिचारी केव्हाची मागते हाय," ती आईला म्हणाली. "सवय, दुसरं काय. राहवत नसंल तिला." आणि आई काही बोलायच्या आत तिने शिंक्यावरचा डबा काढला, वाटी भरली, आणि पंगतीत नवराबायकोच्या मधोमध नेऊन ठेवली.

"लावा हो," ती म्हणाली. "लाजू नका. घरचाच हाय."

मराठीत माणूस भाकरीलाही लावतो आणि तोंडालाही लावतो. मुलाच्या वडिलांसमोर भाकरी होती. त्यांनी भाकरीला लावलं.

त्या डब्यात मी रोज सकाळसंध्याकाळ बोटं बुडवत होते. आईने आत्याच्या कानात काहीतरी सांगितलं, पण आत्या खालच्या आवाजात बोलायला शिकलीच नव्हती. "खाऊ दे की. बाधतंय काय?"

"लोणी झकास आहे," मुलाचे वडील म्हणाले. त्यांनी मुलाच्या भाकरीवरही एक बोट फासलं. मग चावता चावता थांबले. "वेलची आहे. पण खाली... अरे, हे मुठेल हाय. माझी आय भातावर घालायची." मुंबई त्यांच्या जिभेवरून उतरून गेली होती. ते बायकोकडे वळले. "खाऊन बघ गो."

बाईंनी वाटीकडे असं बघितलं जसं तिच्यातून बेडूक निघणार आहे. "हे काय आहे?"

"तुम्ही मागितलात तो," आत्या म्हणाली.

"मी? मी कधी काय मागितलं?"

"अवो, आल्यापासून मागताय. सुनो, सुनो, सुनो तो. आमच्याकडं ह्योच सुनो. तोंडाला लावा नायतर भाकरीला, दोन्हीला चालतो."

मामाने कपाळाला हात लावला. तेवढ्यात मुलाच्या वडिलांना ठसका लागला. ते हसत होते, आणि घास घशात होता. बाई ताडकन उठल्या, हात धुवायला म्हणून मागच्या दारी गेल्या. गेला नळ, मी मनात म्हटलं. गेली चक्की. आणि तांब्या घेऊन त्यांच्यामागे धावले, कारण पाहुण्याच्या हातावर पाणी घालायलाच हवं, मग ती पाहुणी आपल्याला वाडीवर का पाठवेना.

मागच्या दारी बाई दगडावर बसल्या होत्या. हात धुतले. मग इकडेतिकडे बघून त्यांनी मोजे काढले आणि पाय पुढे केले. मी पाणी घालता घालता थबकले. टाचा म्हणजे भात कापून नेल्यावरचं खाचर. ज्या भेगा मोजे घालून बैलगाडीतून इथवर आल्या होत्या त्या उमरठच्याच होत्या. मुंबईच्या नळाला त्या बुजवता आल्या नव्हत्या.

"काय बघतेस गो," त्या म्हणाल्या. शुद्ध मराठी आणि हिंदी, दोन्ही गेलं होतं. मग म्हणाल्या, "त्या डब्यात अजून हाय काय?"

मी डबा आणला. त्या हात पुढे करणार तोच मी खाली बसले आणि त्यांची टाच मांडीवर घेतली. चोळायला लागले. त्यांनी डोळे मिटले.

"जोरात. हां. तुझा हात खरखरीत हाय."

"कानशीसारखा हाय," मी म्हटलं. लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं.

"असू दे. भेगेला असाच लागतो. थोरली सून लावते ती नुसतं कुरवाळल्यागत. गुदगुल्या होतात मला." मग दुसरा पाय पुढे केला. "आनि हे बघ, कोनाला सांगू नको."

मी डब्याचा तळ खरवडून दुसरी टाच केली. मोजे चढले, पदर सारखा झाला, आणि बाई आत गेल्या तेव्हा मुंबई परत त्यांच्या तोंडावर आली होती. त्या दारात उभ्या राहिल्या आणि नवऱ्याला म्हणाल्या, "सुनो, लडकी पसंद है."

"आता सपला हो बाई," आत्या चुलीपासून म्हणाली. "वाटीत होता तो तुमचा ल्योक खातोय."

सगळ्यांनी पंगतीकडे बघितलं. मुलगा भाकरीच्या शेवटच्या तुकड्याने वाटी पुसून घेत होता. आपल्याबद्दल बोलतायत हे लक्षात आल्यावर त्याने पहिल्यांदा मान वर केली. मिशीला सुनो लागला होता.

मला मुलगा पसंत पडला.