दार उंच केलं तेव्हा

आमच्या घराचं दार इतकं बुटकं होतं, की बाबांना कमरेत वाकूनच आत यावं लागे. तरी महिन्यातून एकदा तरी त्यांचं कपाळ चौकटीवर आपटायचंच.

आई-बाबा नागपूरहून दीक्षा घेऊन आले, त्यानंतरच्या उन्हाळ्यात बाबांनी कुदळ काढली.

"आता कोनापुढं वाकाचं नाही ठरलं ना? मंग आपल्याच घरात काहून वाकाचं?"

"घर पडन!" आई म्हणाली.

घर राहिलं, पण दर्शनी भिंत गेली. बाबा आणि मामा चौकट उपटत असताना जुनी माती उजवीकडून धसली. धुरळा बसला तेव्हा आमची चूल, उतरंड, दांडीवरची लुगडी, सगळं रस्त्याला दिसत होतं. बाबांचा चेहरा पडला. आईनं तिथे गोणपाट टांगलं.

पण दुसऱ्याच दिवशी पाहते तर, तिनंच ते अर्धं गुंडाळून वर बांधलेलं. ज्वारी निवडता निवडता ती रस्ता बघत होती. बाभुळगावच्या बाजाराला चाललेल्या बाया थांबायच्या, बोलायच्या. आई खळखळून हसायची.

नवी भिंत कमरेएवढी आली तशी तिनं त्यावर हात ठेवला. "येथं थांबा. मले खिडकी पाह्यजे."

"कायले? चोराले?"

"चोराच्या कामाचं काय ठेवलं तुमी घरात? मले रस्ता दिसला पाह्यजे."

मामा इतका हसला, की हातातला चिखलाचा गोळा खाली पडला.

बाभळीचे दोन गज लावून खिडकी झाली. त्या उजेडात मला कळलं, की आईचे डोळे पिंगट आहेत. तोवर अंधाऱ्या घरात ते मी कधी नीट पाहिलेच नव्हते.

दार उंच झालं, तरी बाबा कितीतरी वर्षं उंबऱ्याशी आले की मान खाली घालायचेच. मग आठवण होऊन ताठ व्हायचे, स्वतःशीच चिडायचे. पुढे जन्मलेला माझा भाऊ मात्र धडधडत सरळ आत शिरायचा. बाबा कामं सोडून त्याच्याकडे बघत राहायचे.

पुढच्या उन्हाळ्यात समोरच्या घरानं भिंत फोडून खिडकी काढली, मग शेजारच्यानं. बाया आपापल्या घरातूनच एकमेकींशी बोलू लागल्या, आणि आमच्याकडे आठवड्यातून दोनदा तरी भाजी करपू लागली.