राहिलेला सेकंड हाफ

वॉटफर्डच्या हॉस्पिटलमागच्या कार पार्कमधून आमची मिनीबस सुटली तेव्हा आत सात फुटबॉल खेळणारे, एक म्हातारा, एक भलंमोठं पातेलं आणि मी, एवढा ऐवज होता. सकाळी हॅरोला घरातून निघताना मुलीने, मधुराने, जिन्यावरूनच विचारलं होतं, "आई, तू फुटबॉल बघायला जातो? तुला तर ऑफसाइड पण कळत नाही!"

इथे जन्मलेल्या पोरीच्या मराठीत मी अशी अधूनमधून पुरुष होत असते. "बघायला नाही गं," मी म्हटलं, "पेशंटचा गुडघा सांभाळायला जातेय."

पेशंटचं नाव सेनाद. बॉस्नियातलं युद्ध सुरू झालं तेव्हा निर्वासित म्हणून तो इंग्लंडला आला, आणि आता एका बेकरीत काम करत होता. मी फिजिओथेरपिस्ट. त्याच्या उजव्या गुडघ्यातलं लिगामेंट फाटलेलं होतं, ऑपरेशन व्हायचं होतं. "या गुडघ्याने जिना चढलास तरी मेहेरबानी," असं मी त्याला बजावलं होतं. त्यावर त्याने शांतपणे सांगितलं, की त्याला एक सामना खेळायचा आहे. पूर्ण नाही. फक्त सेकंड हाफ.

त्याचं गाव नकाशावर भिंग घेऊन शोधावं लागेल एवढं. गावाचा क्लब बाल्कनमधल्या एका अगदी खालच्या पायरीच्या लीगमध्ये खेळायचा. अशा लीगमध्ये शेजारची गावंच एकमेकांशी भिडतात, आणि सुतार, शिक्षक, मेकॅनिक रविवारी खेळाडू होतात. युद्धाआधीच्या शेवटच्या वसंतात नदीच्या खालच्या अंगाच्या गावाशी त्यांचा सामना चालू होता. हाफ-टाइमच्या जरा आधी सेनादच्या धाकट्या भावाने, मिर्झाने, गोल मारला. क्लबसाठी त्याचा पहिलाच. हाफ-टाइममध्ये कोणीतरी धावत आलं. रस्त्यावर बंदुका घेतलेले लोक उभे होते. सगळे घरी पळाले. त्या अकरा जणांपैकी चार पुढे मारले गेले. मिर्झा त्यांतला एक.

"सामना अर्धवट राहिला की निकाल रद्द होतो, सेस्त्रा," सेनाद म्हणाला. सेस्त्रा (बहीण) असंच तो मला म्हणायचा. "निकाल रद्द म्हणजे गोलही रद्द. सामना संपला तर तो गोल राहील."

समोरच्या गावातले खेळाडूही इंग्लंडभर विखुरले होते. त्यांना शोधून झालं होतं, यॉर्कशायरमधल्या एका गावात मैदान मिळालं होतं. त्या दिवशी मैदानावर असलेल्यांखेरीज कोणाला घ्यायचं नाही, हे दोन्ही बाजूंनी ठरवलं होतं. सेनादच्या बाजूला सातच उरत होते, आणि सातपेक्षा कमी माणसांनी फुटबॉलचा सामना होत नाही. त्यांतले दोघे पुढच्या महिन्यात कायमचे अमेरिकेला चालले होते. म्हणजे ऑपरेशन होईपर्यंत थांबायचीही सोय नव्हती. मी चिडले, ओरडले, आणि शेवटी बँडेजची पिशवी भरून बसमध्ये बसले.

एम-वन मोटरवेवर पाऊस भुरभुरत होता. माझ्या शेजारी हसन-चिका बसले होते. चिका म्हणजे काका. लांब दांड्याचं मासे पकडायचं जाळं त्यांनी गुडघ्यांत धरलं होतं. गावाकडचं मैदान अगदी नदीला लागून, त्यामुळे सामन्याच्या वेळी नदीत होडी घेऊन थांबायचं आणि पाण्यात पडलेला बॉल काढून द्यायचा, हे त्यांचं पिढीजात काम. आम्ही जात होतो तिथे नदी नाही, हे त्यांना सगळ्यांनी सांगून झालं होतं. ते नुसती मान हलवायचे.

लेस्टरच्या पुढे ड्रायव्हरने करकचून ब्रेक लावला आणि पातेलं लवंडलं. त्यात ग्राह (पांढऱ्या घेवड्याचं दाट कालवण) होतं. सामना ज्यांच्या गावचा, त्यांनी पाहुण्या संघाला जेवू घालायचं, ही त्या लीगची रीत. सामना सेनादच्या गावच्या मैदानावर सुरू झाला होता, म्हणून यॉर्कशायरमध्येसुद्धा यजमान हेच! अर्धं कालवण माझ्या बुटांवर आलं. मला वाटलं, आता आरडाओरडा होईल. पण सगळे नुसते पातेल्याकडे बघत राहिले. घरचं लग्न मोडावं तसे चेहरे. शेवटी सेनाद म्हणाला, "ब्रेड जास्त घेऊ."

यॉर्कशायर लागलं तशा टेकड्या उठू लागल्या. दगडावर दगड रचलेले बांध, ओली मेंढरं, बंद पडलेल्या लोकरीच्या गिरण्या. गावातल्या कोपऱ्यावरच्या दुकानात मी ब्रेड घ्यायला उतरले. काउंटरमागे गुजराती बाई होत्या. माझ्या हातातल्या पावांच्या चळतीकडे बघून त्यांनी हिंदीत विचारलं, "शादी है क्या?"

"नाही, मॅच आहे."

"कोणाची?"

"बॉस्नियाची. जुनी आहे, आज संपवायचीय," मी म्हटलं. त्यांनी दोन पाव वर घातले आणि त्यांचे पैसे काही घेतले नाहीत.

मैदान उतारावर होतं. दुसऱ्या गावचे नऊ जण आधीच आले होते. मला वाटलं होतं, भेटल्यावर गळ्यात पडतील. हस्तांदोलन झालं, आणि लगेच भांडण सुरू. सेकंड हाफ म्हणजे बाजू बदलायला हव्यात, पण कुठल्या? गावाकडे एका गोलमागे पिठाची गिरणी होती. पहिल्या हाफमध्ये यांनी गिरणीच्या दिशेने गोल मारला होता. इथे उत्तरेला लोकरीच्या गिरणीचं धुराडं दिसत होतं. मोठी माणसं हातवारे करत पावसात पंधरा मिनिटं वाद घालत होती. शेवटी धुराडं तीच गिरणी, असं ठरलं. मग नदी कुठे, तेही आपोआप ठरलं. पश्चिमेला भाजीच्या वाफ्यांची रांग होती, तिथे. हसन-चिकांनी आपली घडीची खुर्ची उचलली आणि जाळं घेऊन वाफ्यांच्या कडेला जाऊन बसले. कोणीही हसलं नाही.

रेफरी स्थानिक इंग्रज होता, टक्कल पडलेला, नियमाला पक्का. सगळं ऐकून तो म्हणाला, "मी पाहिलेला हा सगळ्यात लांब हाफ-टाइम." दुसऱ्या संघाच्या उंच कॅप्टनने समोरचे सात मोजले, आणि स्वतःचे दोघे बाहेर काढले. सेनाद त्याच्याजवळ जाऊन काहीतरी बोलला. तो परत आल्यावर मी विचारलं, काय सांगितलंस?

"म्हटलं, आम्हाला सोडू नका. दया केलीत तर तो सामना होणार नाही."

आणि त्यांनी खरंच सोडलं नाही. थोड्याच वेळात गोल झाला, एक-एक. मला त्या उंच माणसाचा भयंकर राग आला. सेनाद मागे खेळत होता, जपून, मी शिकवलं होतं तसा पाय टाकत. दोनदा बॉल वाफ्यांत गेला. दोन्ही वेळा हसन-चिकांनी कोबीतून तो जाळ्याने उचलला, आणि सवयीने आधी पाणी निथळवल्यासारखं जाळं हलवलं.

सामना संपत आला असताना सेनाद वळला, आणि गुडघा त्याच्याबरोबर वळला नाही. तो आवाज मी ओळखते. मी पिशवी घेऊन धावले. चिखलात तो उताणा पडला होता, डोळे गच्च मिटलेले.

रेफरी माझ्याशेजारी वाकला. "मॅडम, हा बाहेर गेला तर सहा उरतात. मला सामना सोडून द्यावा लागेल."

बाकीचे सहा भोवती कोंडाळं करून उभे होते. माझं शिक्षण, माझी नोकरी, सगळं सांगत होतं की याला उचला. "हा खेळू शकत नाही," मी खरं तेच सांगितलं.

सेनादने डोळे उघडून माझ्याकडे बघितलं. असं बघणं मला सोसलं नाही.

"पण उभा राहू शकेल," मी म्हटलं.

रेफरी सरळ झाला. "उभं राहायला नियमात बंदी नाही."

मी होतं नव्हतं तेवढं बँडेज आवळून बांधलं. दोघांनी त्याला नेऊन गोलच्या खांबाशी उभं केलं. एका पायावर, खांबाला धरून, तो उभा राहिला. बॉल त्याच्याच बाजूने आला, उंच कॅप्टनने त्याच्या शेजारून मारला, आणि दुसरा गोल झाला. सेनाद हललासुद्धा नाही. पण तो मैदानावर होता. मी कडेला उभी राहून मनात म्हणत होते, वाजव, बाबा, शिट्टी वाजव.

शिट्टी वाजली. दोन-एक. ते हरले होते.

कोणी जल्लोष केला नाही. हसन-चिका खुर्चीवरून उठले. त्यांच्या मैदानावर लाउडस्पीकर नव्हता, म्हणून सामना संपला की गोल मारणाऱ्यांची नावं तेच होडीतून ओरडून सांगत. आधी पाहुण्यांची. त्यांनी दोन नावं पुकारली. मग छाती भरून श्वास घेतला आणि तिसरं पुकारलं, "मिर्झा!" चौदाही जण सावधान उभे होते. रेफरीने टकलावरचा पाऊस पुसला. मला रडू आलं, आणि मी ते लपवलं नाही.

नंतर पॅव्हेलियनमध्ये उरलेला ग्राह गरम झाला. त्यात मांस असल्यामुळे माझ्यासाठी वेगळी झेल्यानित्सा (पालक भरून वळलेली पापुद्र्यांची पोळी) आणली होती. मी माझ्या डब्यातली लसणाची चटणी काढली. उंच कॅप्टनने ती कालवणात घातली, ठसका लागेपर्यंत खाल्ली, आणि सेनादचा पाय स्वतःच्या मांडीवर घेऊन बसला. माझा राग गेला होता.

परतीच्या वाटेवर सगळे झोपले. सेनाद मागच्या सीटवर पाय लांब करून पडला होता. त्याचं ऑपरेशन आता सोपं राहिलं नव्हतं, आणि त्यात माझाही वाटा होता. मी त्याला तसं सांगितलं. "ठीक आहे, सेस्त्रा," तो म्हणाला, "गुडघा माझाच आहे." हे लिहितानाही मी बरोबर केलं की नाही, ते मला माहीत नाही. पुन्हा तो प्रसंग आला तर मी तेच करीन, एवढं माहीत आहे.

हॅरोला पोचले तेव्हा मधुरा टीव्हीसमोर होती. माझे बूट बघून तिने नाक मुरडलं. "सो? जिंकला का तुझा टीम?"

"हरले. दोन-एक."

"ओ नो. आपला गोल कोणी मारला?"

"सेनादच्या धाकट्या भावाने."

तिला त्याची गोष्ट मी आधी सांगितली होती. तिने टीव्हीचा आवाज बंद केला आणि माझ्याकडे वळून हळूच विचारलं, "पण आई, तो तर..."

"तो फर्स्ट हाफमध्ये खेळला," मी म्हटलं, आणि बूट धुवायला मागच्या दारी गेले.