चेट्टनची पेट्टी

चेट्टनला भुताच्या सिनेमाची भीती वाटत नसे. मल्याळी सिनेमात आखातातला माणूस घरी परतायला निघाला, की मात्र हा आडदांड क्रेन ऑपरेटर उशी छातीशी घट्ट धरायचा. चेट्टन म्हणजे त्यांच्या भाषेत थोरला भाऊ. ओमानमधल्या सोहारला आम्ही एका खोलीत राहायचो, आणि त्याच्यापायी मी, देवगडचा वेल्डर, शुक्रवारची दुपार मल्याळी सिनेमे बघण्यात घालवायचो.

"अब देख, पेट्टी आएगा," तो कुजबुजायचा. पेट्टी म्हणजे आपली पेटीच. साबण, अत्तर, ब्लँकेटं भरून दोरीने करकचून बांधलेला खोका. सिनेमात सगळं गाव ओसरीवर जमतं, पेट्टी उघडते, जो तो आपापलं घेऊन जातो. मग परतलेला माणूस स्वतःच्याच घरात पाहुण्यासारखा कोपऱ्यात बसून राहतो. "ये पिक्चर नहीं, मेरा गाँव है," चेट्टन म्हणायचा. आमच्या गावातही फार वेगळं नव्हतं.

पुढे तेलाचे भाव पडले, माणसं कमी होऊ लागली. एके दिवशी अर्बाबने, म्हणजे आमच्या अरब मालकाने, चेट्टनलाही "खलास" म्हटलं. आता कायमचं परत. घरी सांगायला याची जीभ रेटेना. त्याने पेट्टी कार्गोने पुढे पाठवली आणि स्वतःचा फोन माझ्या हातात कोंबला. "तू पहले पेट्टी का बोल. वो लोग खुश होगा. फिर मैं बोलेगा."

सिनेमातून उचललेलं मल्याळम जुळवून मी त्याच्या बायकोला सांगितलं, "चेट्टंडे पेट्टी वरुन्नु." चेट्टनची पेट्टी येतेय.

पलीकडून किंकाळीच आली. आखातातून प्रेत येतं, त्या शवपेटीलाही ते पेट्टीच म्हणतात. नवऱ्याच्या फोनवर परका आवाज, आणि हे शब्द! चेट्टनने फोन हिसकावला. "ञान! ञान!" मी आहे, मी आहे, एवढंच तो ओरडत राहिला. तिकडे फोन खाली पडलेला, नुसता आकांत ऐकू येत होता. त्या बाईचा जीव गेला की काय, या भीतीने मी गारठलो.

अखेर ती फोनवर आली. चेट्टन भिंतीला टेकून खाली बसला आणि रडत रडत नोकरी गेल्याचंही सांगून मोकळा झाला.

"क्या बोली?" मी घाबरतच विचारलं.

"बोली, पेट्टी नहीं चाहिए. सिर्फ तुम आओ."

निघाला त्या दिवशी विमानतळावर तो माझा हात सोडेना.

"ऐसा किसी पिक्चर में नहीं देखा रे," तो म्हणाला. "इसके आगे क्या होता है, मालूम नहीं."