वरच्या पट्टीतले चार फोटो

दहा बाय आठच्या फ्लेक्समध्ये उमेदवारालाच जागा उरली नव्हती.

अड्याळला माझं फ्लेक्स छपाईचं दुकान आहे. जिल्हा परिषदेची निवडणूक होती आणि प्रणालीताईंचं डिझाइन त्यांचे काकाजी माझ्या शेजारी बसून करून घेत होते. फ्लेक्सला वरची पट्टी असते, थोरामोठ्यांचे फोटो तिथे लागतात. ताईंचे आजोबा, म्हणजे बापूजी, मंत्री राहिलेले. ते, ताईंचे वडील, आत्या आणि खुद्द काकाजी असे चौघे वर बसले. मी एखादा फोटो जरा लहान केला की काकाजी लगेच म्हणत, "मोठा कर गा." शेवटी ताई उजव्या कोपऱ्यात गेल्या, निवडणूक चिन्हापेक्षाही लहान होऊन.

मला दिसत होतं. पण या घराण्याचं काम वीस वर्षांपासून माझ्याकडे, तोंड कोण उघडणार?

पहिला फ्लेक्स शाई सुकायला दुकानासमोर उभा केला. बाजाराचा दिवस होता. काकाजी आणि ताई बघायला आले. तेवढ्यात एक म्हातारे शेतकरी थांबले.

"बापूजी पुन्हा उभे राहून राहिले का?"

"बापूजी त कवाचेच वारले, बाबाजी. त्यांची नात उभी हाय," मी म्हणालो आणि कोपरा दाखवला.

ते वाकून बघत राहिले. "हे त तलावाची पाळ फुटली तवा चिखलात उतरली होती थे बाई. हिले मी मत देतो ना. पण हिले कोपऱ्यात काहून लपवलं?"

बाबाजी बाजारात निघून गेले. ताई हसल्या, पण डोळे भरले होते. "काकाजी, घरची लेक त मी हावोच. पण मत मले मागायचं आहे."

काकाजी फ्लेक्ससमोर जाऊन उभे राहिले. मला वाटलं, गेलं आपलं गिऱ्हाईक.

"माझा फोटो काढून टाक," ते म्हणाले. "तिच्या बापाचा अन् आत्याचा बी. बापूजी राहू दे, पण लहान कर."

ताईंचा स्टुडिओतला फोटोही काढून टाकला. कुणीतरी मोबाइलवर घेतलेला तलावावरचा फोटो मधोमध मोठा लावला: गुडघाभर चिखल, हातात फावडं, केस विस्कटलेले. माझ्या दुकानातून गेलेला इतका अस्ताव्यस्त उमेदवार दुसरा नाही. ताई निवडून आल्या आणि त्या दिवशी काकाजींनी स्वतः मला पेढा भरवला.

मागच्या महिन्यात ताईंचा भाचा आला. शेतकऱ्यांच्या सोसायटीच्या निवडणुकीला उभा आहे. पेनड्राइव्हमध्ये पहिलाच फोटो ताईंचा.

"आत्याले वर मोठी टाका," तो म्हणाला.

"टाकतो ना. पण आधी तू कोनत्या चिखलात उतरला होता, थो फोटो दे."

उद्या आणतो म्हणाला. डिझाइन अजून अर्धंच पडून आहे.