नरफुलांचा डबा

बाई कुठल्याही झाडापुढं उभ्या राहिल्या की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला असे, "याचं दुसरं कुठंय?" वेळ नाही, काळ नाही. एकदा परभणीत एका ओळखीच्यांच्या वास्तुशांतीला आम्ही दोघी गेलो होतो. यजमान कौतुकानं अंगणातली पपई दाखवायला लागले. फुलांचे लांबच लांब घोस लोंबत होते, फळ मात्र औषधाला नव्हतं. बाईंनी मान वर करून पाहिलं आणि भर मांडवात विचारलं, "हा नर झाला. मादी कुठं लावलीत?" यजमानीणबाई प्रसाद वाढता वाढता थांबल्या. मी बाईंचा हात धरून त्यांना पंक्तीत नेऊन बसवलं, नाहीतर त्यांनी तिथं तास घेतला असता.

तास त्या घ्यायच्याही तशाच. आम्ही कॉलेजात असताना त्या आम्हाला वनस्पतिशास्त्र शिकवायच्या. मऊ सुती साडी, खांद्याला शबनम, पिशवीत कुठल्या ना कुठल्या झाडाची डहाळी. 'विभक्तलिंगी' या शब्दावर त्यांचा भारी जीव. मी एकदा पेपरात 'पपईचे फूल विभक्तलिंगी असते' असं लिहिलं, तर बाईंनी उत्तर खोडून मला फळ्यापाशी उभं केलं. "मंगल, फूल एकलिंगी असतं. नरफुलं एका झाडावर आणि मादीफुलं दुसऱ्या झाडावर, अशी ज्यांची रीत, ती जात विभक्तलिंगी. भोपळ्याचं बघ, दोन्ही फुलं एकाच वेलीवर नांदतात, तो एकत्रलिंगी. आणि एकट्या झाडाकडं बोट दाखवून हा शब्द वापरू नकोस. एकटं झाड बघून काय कळणार? दोन्ही बघावी लागतात." मागच्या बाकावरची पोरं खिदळली. बाईंना त्याचं काही नव्हतं. "हसा, हसा. पण परीक्षेत नीट लिहा," म्हणाल्या.

बाई मूळच्या इकडच्या नव्हत्या. नोकरीच्या निमित्तानं परभणीला आल्या आणि राहिल्या. लग्न केलं नाही. का केलं नाही, हे विचारायची आमची छाती नव्हती. सुट्ट्या लागल्या की बाकीचे प्राध्यापक गावाकडं जात, बाई गावाबाहेरच्या माळावर जात. निवृत्त झाल्यावर पुण्याचा भाचा न्यायला आला होता, त्याला म्हणाल्या, "इथली झाडं मला ओळखतात, तिथं कोण आहे?" मला तेव्हा वाटलं, काय हा उगीचचा हट्ट. झाडं काय चहा विचारतात का आल्यागेल्याला?

पुढं माझं लग्न झालं, जिंतूर तालुक्यातलं खेडं मिळालं, आणि नोकरी लागली ती नेमकी परभणीत. रोजचं एसटीनं अप-डाऊन. एका पावसाळ्यात मंडईत बाई भेटल्या. भाजीवालीशी त्यांचं कर्टुल्याच्या भावावरून चाललं होतं. मला बघितल्याबरोबर म्हणाल्या, "अगं मंगल, माझ्या दारात कर्टुल्याची वेल आहे आणि तरी मी विकत घेतेय, बघ माझी दशा! मादी आहे. फुलं मुबलक येतात आणि पिवळी पडून गळतात. सगळ्या गल्लीतली कुंपणं पाहिली, नर एकही नाही."

मी म्हटलं, "आमच्या बांधावर पुष्कळ आहेत की. सासूबाई उपटायच्या मागं लागल्यात त्यांना."

"उपटायच्या?" बाई एवढ्या मोठ्यानं ओरडल्या की भाजीवालीच्या हातातलं माप थांबलं. "खबरदार एकही वेल उपटू दिलीस तर!"

त्याचं असं आहे की आमच्याकडं कर्टुल्याच्या नरवेलीला 'वांझ' म्हणतात. नुसती फुलते, फळ धरत नाही, म्हणून वांझ. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणते. त्या विळा घेऊनच बांधावर जायच्या. "आगं, वांझ हाय ती. उगं जागा अडवायलीय. उपट अन् दे फेकून." शेजारच्या शिवारात अशाच सगळ्या वांझा उपटल्या, तर पुढच्या साली राहिलेल्या वेलींवर एक कर्टुलं लागलं नाही. लोक म्हणाले, कुणाची तरी नजर लागली. बाईंना हे सांगितलं तेव्हा त्यांनी कपाळावर हात मारला. "नर उपटायचा आणि त्यालाच वांझ म्हणायचं! काय लोक आहेत!" मग त्यांनी मला आत्याबाईंना फोन लावायला लावला. आत्याबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि संध्याकाळी मी घरी गेल्यावर म्हणाल्या, "तुझी बाई लय बोलती बाबा. पण ऱ्हाऊ दे वेली, मास्तरीण म्हणायलीय तर."

दुसऱ्या दिवसापासून माझं काम वाढलं. दिवस उगवायच्या आत बांधावर जायचं, उमललेली नरफुलं खुडायची, ओल्या फडक्यात गुंडाळून स्टीलच्या डब्यात ठेवायची, आणि पहिली गाडी धरायची. मी काय रिकामटेकडी होते? घरी दोन लेकरं, शाळेचे डबे, म्हशी. तरी जायची. स्टँडच्या मागच्या गल्लीत बाईंचं घर. बाई फाटकात उभ्याच असायच्या. डबा हातात घेत, चष्मा नाकावर चढवत, नरफुलाच्या पाकळ्या सोलून ते मादीफुलाला अलगद टेकवत. "हे बघ, हिच्या फुलाखाली आधीच इवलंसं काटेरी कर्टुलं असतं. पण नर भेटला नाही तर तेवढ्यावरच वाळतं." मग चहा. मग थोड्या दिवसांनी पहिली कर्टुली, कांदा आणि दाण्याचं कूट घालून परतलेली. "तू आणलीस म्हणून," असं प्रत्येक घासाला म्हणायच्या. ऑफिसात उशिरा गेल्याबद्दल मी रोज बोलणी खायची, ते निराळंच.

चहा पिताना बाई बोलत सुटायच्या. काल कोण कोण गल्लीतून गेलं, दूधवाला काय म्हणाला, टीव्हीवर काय लागलं होतं. एकदा म्हणाल्या, "काल सबंध दिवसात माझा आवाज मी एकदाच ऐकला गं. दूधवाल्याला 'अर्धा लिटर' म्हटलं तेवढाच." मी हसले. त्या हसल्या नाहीत.

दोन-तीन पावसाळे असे गेले. दर उन्हाळ्यात मी नरवेलीचा एक कंद खणून बाईंना द्यायची. दारातच नर लागला की रोजची यातायात नको. पहिला कंद म्हणे कुजला. दुसरा उंदरानं पळवला. शेवटी आमचे मालक वैतागून स्वतः मोटारसायकलवर आले आणि त्यांनी बाईंच्या भिंतीलगत आळं करून कंद लावून दिला. वेल अशी तरारली की बघत राहावं. कळ्याही धरल्या. आणि एका सकाळी मी गेले, तर आळं मोकळं!

"शेळीनं खाल्ली," बाई म्हणाल्या.

शेजारी हातभर अंतरावर मादीवेल जशीच्या तशी उभी. मी म्हटलं, "लय शहाणी शेळी दिसते, बाई. वर्गात पहिली आली असती. नर तेवढा खाल्ला, कंदासकट."

बाईंनी माझ्याकडं पाहिलं नाही. माझं डोकं फिरलं. मी सरळ मागच्या अंगणात गेले. पाण्याच्या टाकीमागं वेल पडलेली होती, मुळाकंदासकट, कळ्या अजून ताज्या. म्हटलं, "बाई, तुम्ही उपटली? साऱ्या गावाला शहाणपण शिकवणाऱ्या तुम्ही?"

"हो."

"का पण?"

बाई पायरीवर बसल्या. पदराशी चाळा करत राहिल्या. मग म्हणाल्या, "नर इथंच लागला असता, तर तू कशाला आली असतीस?"

कसंबसं म्हटलं, "बाई, मी काय फुलांसाठी येते होय?"

"पहिल्यांदा तरी फुलांसाठीच आलीस ना? त्याआधी इतकी वर्षं याच स्टँडवर उतरत होतीस, मंगल." रागानं नाही म्हणाल्या; पेपरातलं उत्तर तपासावं तसं म्हणाल्या. मी त्यांच्या शेजारी पायरीवर बसले आणि त्या दिवशी ऑफिसला गेलेच नाही. परत कधी कंद म्हणून दिला नाही. डबा नेत राहिले, आणि कर्टुल्याचा हंगाम सरला तरी स्टँडवरून आधी त्यांच्याकडंच जायची.

गेल्या थंडीत बाई न्हाणीत घसरून पडल्या. भाचा येऊन घेऊन गेला. जाताना गाडीत बसवलं तर वाळलेल्या वेलीकडं पाहत मला म्हणाल्या, "हिला विसरू नकोस." पुण्याहून फोन यायचे, आवाज बारीक होत गेलेला. मग भाच्याचाच फोन आला. मी ऑफिसच्या जिन्यात बसून रडले. येणारेजाणारे बघत होते, बघू दे.

या पावसाळ्यात एका पहाटे आत्याबाईंनीच मला उठवलं. "आगं, वांझा फुलल्यात की. मास्तरणीचं घर हाय ना आजून?" म्हटलं, "आत्याबाई, घरात कुणी न्हाई आता." मग डबा धुऊन त्यांनीच माझ्या हातात दिला.

फाटकाला कुलूप होतं. वेल मात्र सगळी फाटकावर आली होती, मादीफुलं उमललेली, प्रत्येकाखाली ते इवलंसं कर्टुलं. गजांतून हात घालून जेवढ्या फुलांपर्यंत पोचला तेवढ्यांना मी नरफुलं टेकवली. बाकीची राहिली. गल्लीतून दूधवाला गेला. जाता जाता थांबून त्यानं बघितलं. डब्याचं झाकण लावलं आणि सवयीनं म्हणून गेले, "बाई, येते. उद्या आणते."

मग कितीतरी वेळ फाटकाला धरून उभी राहिले. आतून कुणी "ये" म्हणालं नाही.